संपानंतरची गावे : ब्रिटनमधील १९८४-८५ चा कोळसा संप

संप फसला की त्याचा इतिहास बहुधा नेत्यांच्या चुकांचा इतिहास म्हणून लिहिला जातो. आपल्याकडे १८ जानेवारी १९८२ रोजी सुरू झालेल्या गिरणी संपाचे हेच झाले. डॉ. दत्ता सामंतांनी कोणत्या क्षणी माघार घ्यायला हवी होती यावर आजही तावातावाने वाद होतात. परंतु त्या संपाने लालबाग-परळच्या चाळींतील रोजच्या जगण्याचे काय केले, हे विचारणारे तुलनेने थोडेच. नीरा आडारकर आणि मीना मेनन यांनी गिरणगावातील माणसांच्या आठवणी त्यांच्याच तोंडून नोंदवल्या, जयंत पवारांनी 'अधांतर' लिहिले, आणि त्या विचारण्याला काहीशी वाट मिळाली. गिरणी संपानंतर दोनच वर्षांनी ब्रिटनमधील कोळसा खाणकामगार वर्षभर संपावर गेले. त्या संपाविषयीही आर्थर स्कारगिल विरुद्ध मार्गारेट थॅचर एवढेच चित्र सर्वत्र रंगवले जाते. ही दोन माणसे महत्त्वाची होती याबद्दल वाद नाही. पण आम्हांला येथे पाहायची आहेत ती यॉर्कशायर, डरॅम, साउथ वेल्स आणि नॉटिंगहॅमशायर येथील खाणगावे.

घटनाक्रम थोडक्यात सांगून टाकू. मार्च १९८४ च्या आरंभी साउथ यॉर्कशायरमधील कॉर्टनवुड ही खाण बंद होणार असे जाहीर झाले. पाठोपाठ, ६ मार्च रोजी, सरकारी मालकीच्या नॅशनल कोल बोर्डाने वर्षभरात ४० लाख टनांनी उत्पादन कमी करण्याची योजना मांडली. तिचा अर्थ सुमारे २० खाणी आणि २० हजार नोकऱ्या असा होता. यॉर्कशायर बंद पडले, मग स्कॉटलंड, मग इतर. देशव्यापी गुप्त मतदान न घेता प्रत्येक विभागाने आपापला निर्णय घ्यावा असे संघटनेने, म्हणजे नॅशनल युनियन ऑफ माइनवर्कर्सने ठरवले, आणि या एका निर्णयाची किंमत पुढे फार मोठी ठरली. बरोबर एक वर्षाने, ३ मार्च १९८५ रोजी, प्रतिनिधींच्या परिषदेत ९८ विरुद्ध ९१ मतांनी संप मागे घेण्यात आला. करार काहीच झाला नाही. माणसे जशी बाहेर आली होती तशीच आत गेली.

आता खाणगाव म्हणजे काय ते पाहू. मराठी वाचकाला त्याची कल्पना येण्यासाठी गिरणगाव हीच जवळची वस्तू आहे, आणि साम्ये खरोखरच आहेत: एकच धंदा, भोंग्यावर चालणारा दिवस, एकाच भिंतीला भिंत लावून उभी असलेली घरे, वडिलांच्या जागी मुलाने लागण्याची रीत. भजनी मंडळाच्या जागी तेथे पितळी वाद्यांचा बँड, व्यायामशाळेच्या जागी 'मायनर्स वेल्फेअर' नावाचे सभागृह. पुष्कळ घरे कोल बोर्डाच्या मालकीची. चुलीचा कोळसाही खाणीकडून पगाराचा भाग म्हणून मिळणारा. मात्र एक फरक असा आहे की तो ध्यानात घेतल्याशिवाय पुढचे काही नीट कळत नाही. १९८२ चा संप लांबला तेव्हा गिरणी कामगारांपैकी कितीतरी जण कोकणात, साताऱ्याकडे, घाटावर आपल्या गावी निघून गेले. तेथे पोटापुरते भात-नाचणी, निदान एक छप्पर होते. मुंबईतील संप इतका लांबू शकला त्यामागे हे मुलूख होते. खाणकामगाराला असे दुसरे गाव नव्हते. एकोणिसाव्या शतकात खाण खोदली गेली म्हणून त्या माळावर गाव वसले. खाणीच्या आधी तेथे बहुधा मेंढ्या चरत होत्या. उपासमार आली तर ती तेथेच, शेजाऱ्यांच्या डोळ्यांदेखत काढायची.

आणि उपासमार व्हावी अशी व्यवस्था कायद्यानेच झालेली होती. १९८० च्या सामाजिक सुरक्षा कायद्याने असे ठरवले होते की संपावरच्या माणसाला स्वतःसाठी सरकारी भत्ता नाही. बायकामुलांसाठी मिळेल, पण त्यातून आठवड्याला १५ पौंड (पुढे १६) वजा होतील. का, तर संघटना त्याला तेवढा संप-भत्ता देत असेल असे 'मानले' जाईल. प्रत्यक्षात संघटना तसा भत्ता देत नव्हती, तिला ते परवडणारेच नव्हते. म्हणजे न मिळालेले पैसे मिळाले असे धरून मिळणाऱ्या पैशातून कापायचे. अविवाहित तरुणाला तर काहीच नाही. घराचे हप्ते थकले, वीज-गॅसची बिले साचली, भाड्याने घेतलेला दूरदर्शन संच परत गेला, मोटार विकली गेली. कामगारांना मिळणारा चुलीचा कोळसाही थांबला. कोळशावर वसलेल्या गावात हिवाळ्यात जाळायला कोळसा नाही अशी अवस्था आली, तेव्हा लोक कुदळ-फावडी घेऊन खाणीबाहेरील कचऱ्याच्या ढिगाऱ्यांत आणि जुन्या रेल्वेच्या बांधांत कोळसा उकरू लागले. नोव्हेंबर १९८४ मध्ये यॉर्कशायरमधील गोल्डथॉर्प येथे असा कोळसा काढताना बांध कोसळून १४ आणि १५ वर्षांचे दोन सख्खे भाऊ गाडले गेले. संपाच्या राजकीय इतिहासांत ऑर्ग्रीव्हच्या चकमकीला प्रकरणे मिळतात, या दोन मुलांना सहसा एखादे वाक्य मिळते.

तरीही त्या वर्षाविषयी बोलणारी माणसे, विशेषतः स्त्रिया, ते वर्ष आयुष्यातील सर्वांत वाईट आणि सर्वांत चांगले होते असे म्हणतात. प्रथम वाचताना हे आम्हांला स्मरणरंजन वाटले होते. पण इतक्या वेगवेगळ्या गावांतील, एकमेकींना न ओळखणाऱ्या स्त्रिया हेच सांगत असतील, तर त्याला केवळ स्मरणरंजन म्हणून बाजूला सारता येत नाही.

घडले ते असे. मे १९८४ मध्ये बार्न्स्ले येथे खाणगावांतील हजारो स्त्रियांचा मेळावा भरला. ऑगस्टमध्ये त्यांनी लंडनमध्ये मोर्चा काढला. 'विमेन अगेन्स्ट पिट क्लोजर्स' हे नाव देशभर ऐकू येऊ लागले. सुरुवात स्वयंपाकघरांपासून झाली होती. वेल्फेअर सभागृहात रोज दुपारी शेकडो पाने उठवायची, घरोघर शिध्याच्या पिशव्या पोहोचवायच्या. यात नवे काय, बायका पूर्वीही रांधतच होत्या, असे कोणी म्हणेल. नवे हे, की शिधा आणण्यासाठी निधी लागतो, निधीसाठी दुसऱ्या शहरात जाऊन भाषण करावे लागते. ज्या बाईने कधी गावाबाहेर एकटीने रात्र काढली नव्हती ती लंडनच्या, कधी परदेशातल्या, सभांत बोलू लागली. वेल्फेअर सभागृह हे एरवी पुरुषांचे राज्य. तेथील हिशेब, किल्ल्या आणि निर्णय काही काळ तरी बायकांच्या हाती आले. नवरे घरी मुले सांभाळू लागले. सगळेच आनंदाने नव्हे. साउथ वेल्समधील सियान जेम्स ही अशीच एका संपकऱ्याची पत्नी. संपानंतर तिने विद्यापीठात प्रवेश घेतला आणि २००५ मध्ये ती स्वान्झी ईस्टमधून संसदेवर निवडून गेली. अशी उदाहरणे मूठभरच, हे खरे. बहुसंख्य स्त्रिया संपानंतर शाळेच्या भोजनगृहांत, कारखान्यांत, वृद्धाश्रमांत अर्धवेळ नोकरीला लागल्या. परंतु घराचा मुख्य पगार त्यांचाच असण्याची सुरुवात येथून झाली.

दुलाइस खोऱ्याची हकीकत आता २०१४ च्या 'प्राइड' या चित्रपटामुळे सुपरिचित आहे. लंडनमधील समलिंगी स्त्री-पुरुषांच्या एका गटाने मार्क ॲश्टन या तरुणाच्या पुढाकाराने या वेल्श खोऱ्यासाठी पैसे जमवले, ते खोऱ्यात राहायला गेले, आणि जून १९८५ मध्ये लंडनच्या प्राइड मोर्चात खाणकामगारांची निशाणे फडकली. त्याच वर्षी मजूर पक्षाच्या परिषदेत समलिंगींच्या हक्कांचा ठराव मंजूर झाला तेव्हा खाणकामगारांच्या संघटनेची गठ्ठा मते त्याच्या बाजूने पडली. आपल्याशी अधिक जवळचा धागा थोडा आधीचा आहे. १९७६ ते १९७८ या काळात लंडनच्या ग्रनविक कारखान्यात जयाबेन देसाई यांच्या नेतृत्वाखाली मुख्यतः गुजराती स्त्रियांनी संप केला. जून १९७७ मध्ये स्कारगिल यॉर्कशायरचे खाणकामगार घेऊन त्यांच्या पाठिंब्याला गेले होते आणि तेथे त्यांना अटकही झाली होती. यॉर्कशायरच्या खाणगावांत तोवर साडी नेसलेली बाई क्वचितच दिसली असेल. नेत्याच्या कारकिर्दीतील ही बाजू त्याच्या टीकाकारांनीही नोंदवायला हवी.

आता फुटीकडे वळू. इंग्रजीत संपफोड्यासाठी 'स्कॅब' असा शब्द आहे. मूळ अर्थ जखमेवरची खपली. मराठीतील 'संपफोड्या' हा शब्द कृतीचे वर्णन करतो. 'स्कॅब' माणसाचे करतो, आणि तो पिढ्यान् पिढ्या पुसला जात नाही. नॉटिंगहॅमशायरमध्ये तर त्याला १९२६ ची पार्श्वभूमी होती. त्या वर्षीचा सार्वत्रिक संप नऊ दिवसांत संपला. खाणकामगार मात्र नोव्हेंबर अखेरपर्यंत, सुमारे सात महिने, टाळेबंदी सोसत राहिले. तेव्हा नॉटिंगहॅमशायरमधील जॉर्ज स्पेन्सर यांनी मालकांशी वेगळा करार केला आणि वेगळी संघटना काढली. ती मूळ प्रवाहात परतायला १९३७ साल उजाडले. डी. एच. लॉरेन्स त्याच परिसरातील ईस्टवुडचा, खाणकामगाराचा मुलगा; १९२६ च्या सप्टेंबरात तो शेवटचा आपल्या मुलखात आला तेव्हा ही टाळेबंदी चालू होती. १९८४ मध्ये नॉटिंगहॅमशायरची बहुसंख्या कामावर जात राहिली तेव्हा यॉर्कशायरच्या म्हाताऱ्यांनी 'पुन्हा स्पेन्सर' असे म्हणणे अगदी स्वाभाविक होते.

पण नॉटिंगहॅमशायरच्या कामगारांची बाजू एवढी सोपी नव्हती. मार्च १९८४ मध्ये त्यांनी आपल्या विभागात मतदान घेतले. जवळपास तीन चतुर्थांश मते संपाच्या विरोधात गेली. मतदानाशिवाय आम्ही बाहेर का पडावे, हा त्यांचा प्रश्न रास्त होता, आणि स्कारगिल यांनी त्याला समाधानकारक उत्तर दिले असे आम्हांला वाटत नाही. १९८२ आणि १९८३ मध्ये देशव्यापी मतदानात संपाचा प्रस्ताव फेटाळला गेला होता, त्यामुळे पुन्हा मतदान नको असे नेतृत्वाला वाटले असावे. मात्र याच्या मागेही एक इतिहास आहे. १९७७ मध्ये उत्पादनावर आधारित बोनस योजना देशव्यापी मतदानात फेटाळली गेली होती. तरीही नॉटिंगहॅमशायरसारख्या, जाड थरांच्या आणि नव्या यंत्रांच्या, विभागांनी ती आपापल्या पातळीवर स्वीकारली आणि न्यायालयाने त्याला आडकाठी केली नाही. परिणामी एकाच संघटनेत जाड थराचा कामगार आणि पातळ थराचा कामगार यांच्या पगारांत अंतर पडत गेले. मतदानाचा कौल जेव्हा पैशाच्या आड आला तेव्हा तो ओलांडला गेला होता. सात वर्षांनी तोच पवित्र झाला. साउथ वेल्समध्ये याच्या उलट घडले. तेथील बहुतेक शाखांनी आरंभी संपाच्या विरोधात मत दिले होते. एकदा बाहेर पडल्यावर मात्र सर्वांत घट्ट तेच राहिले.

नॉटिंगहॅमशायरमध्ये संपावर गेलेल्या काही हजारांची अवस्था सर्वांत बिकट होती. ते आपल्याच गावात अल्पसंख्य. एका घरातला भाऊ पहाटे पोलीस बंदोबस्तात बसमधून खाणीवर जायचा, दुसरा फाटकाशी उभा राहून ओरडायचा. काही घरांत हे अबोले मृत्यूपर्यंत टिकले. कोण कोणाच्या अंत्ययात्रेला गेले नाही याच्या कथा आजही सांगतात. २०२२ मध्ये बीबीसीने दाखवलेली 'शेरवूड' ही मालिका याच जखमेवर उभी आहे. द्वेषाने बळीही घेतले. ३० नोव्हेंबर १९८४ रोजी साउथ वेल्समध्ये एका कामगाराला खाणीवर घेऊन जाणाऱ्या टॅक्सीवर पुलावरून काँक्रीटचा ठोकळा टाकण्यात आला आणि चालक जागीच ठार झाला. पिकेटिंग करताना दोन संपकरीही त्या वर्षी मरण पावले. कामावर जाणाऱ्यांनी १९८५ मध्ये स्वतःची वेगळी संघटना काढली. सरकार आपल्या निष्ठेची कदर करील असा त्यांचा विश्वास होता. ऑक्टोबर १९९२ मध्ये मायकेल हेसल्टाइन यांनी उरलेल्या ५० खाणींपैकी ३१ बंद करण्याची घोषणा केली, त्या यादीत नॉटिंगहॅमशायरच्याही खाणी होत्या.

पोलिसांविषयी थोडे. संपकाळात सुमारे ११ हजार माणसांना अटक झाली. खाणगावांत तोपर्यंत गावचा पोलीस हा ओळखीचा माणूस असे; १९८४ मध्ये दूरदूरच्या परगण्यांतून तुकड्या आल्या, महामार्गांवर मोटारी अडवल्या गेल्या, कामगार आपल्याच देशात आपल्याच गावाबाहेर पडू शकेना. १८ जून १९८४ रोजी ऑर्ग्रीव्हच्या कोक कारखान्याबाहेर घोडदळाने जमावावर चाल केली. ९५ जणांवर दंगल व तत्सम आरोप ठेवले गेले. १९८५ मध्ये पोलिसांचे पुरावे न टिकल्याने खटला कोसळला, आणि १९९१ मध्ये साउथ यॉर्कशायर पोलिसांनी ३९ जणांना ४ लाख २५ हजार पौंड भरपाई दिली. जुलै १९८४ मध्ये थॅचर यांनी आपल्या खासदारांपुढे बोलताना फॉकलंडच्या बाहेरच्या शत्रूनंतर आता आतल्या शत्रूशी गाठ आहे, अशा आशयाचे उद्गार काढले होते. दुसऱ्या महायुद्धात लढलेले आजोबा आणि फॉकलंडमध्ये लढलेले नातू ज्या घरांत होते, त्या घरांना हे उद्गार लागले ते कायमचे.

५ मार्च १९८५ रोजी बहुतेक गावे बँड वाजवीत, निशाण पुढे धरून खाणीवर परतली. रॉन्डा खोऱ्यातील मार्डी या खाणीत वर्षभरात एकाही माणसाने संप मोडला नव्हता. तेथेही सगळे गाव पहाटे मिरवणुकीने गेले. मार्डी डिसेंबर १९९० मध्ये बंद झाली आणि रॉन्डामधील शेवटची खाण संपली. संपाच्या वेळी देशात सुमारे १७० खाणी होत्या. खाणी बंद होत असताना भरपाईची रक्कम अशा पद्धतीने देऊ केली जाई की कर्जात बुडालेल्या माणसाला ती नाकारणे अशक्य व्हावे. संपाच्या वर्षाचे हप्ते अजून डोक्यावर होते. १९८५ नंतर खाणी बंद होताना पुन्हा लढाई का झाली नाही, याचे उत्तर आम्हांला मनोधैर्य वगैरे शब्दांपेक्षा या उधारीच्या वहीत अधिक सापडते.

त्यानंतरचे दशक आकडेवारीत नीट दिसत नाही, आणि त्याचे कारण उद्बोधक आहे. शेफील्ड हॅलम विद्यापीठाच्या ख्रिस्टिना बीटी आणि स्टीव्ह फॉदरगिल यांनी १९९६ मध्ये दाखवून दिले की खाणी बंद झालेल्या परगण्यांत नोंदलेली बेकारी फारशी वाढलीच नव्हती. मग हजारो माणसे गेली कोठे? ती 'आजारी' झाली होती. खाणकामगाराची फुप्फुसे आणि गुडघे तपासले तर दोष सापडणारच. खाण चालू होती तोवर तो दोषासह काम करी, बंद झाल्यावर डॉक्टरांनी त्याला अपंगत्व भत्त्यावर लिहिले. सरकारला बेकारीचा आकडा कमी दिसला, माणसाला थोडा अधिक भत्ता मिळाला. चाळिशीतले पुरुष म्हातारे म्हणून नोंदले गेले. ग्राइमथॉर्पच्या खाणीचा बँड ऑक्टोबर १९९२ मध्ये, खाण बंद होण्याची घोषणा झाली त्याच आठवड्यात, राष्ट्रीय स्पर्धा जिंकला ('ब्रास्ड ऑफ' या चित्रपटाचे बीज येथे आहे). दोन वर्षांत ते गाव देशातील सर्वांत गरीब गावांत मोजले जाऊ लागले. पाठोपाठ पुष्कळ खाणगावांत हेरॉइन आले.

गिरणगावात जमीन सोन्याच्या भावाची होती, म्हणून तेथे मॉल आणि मनोरे उभे राहिले. खाणगावाच्या जमिनीला भावच नव्हता. तेथे आधी गवत पेरले गेले, नंतर गोदामे आली. शायरब्रुक येथील खाण १९९३ मध्ये बंद झाली. त्या जागेवर स्पोर्ट्स डायरेक्ट या कंपनीचे प्रचंड गोदाम उभे राहिले, आणि २०१६ मध्ये संसदीय समितीने तेथील कामाच्या पद्धतीची तुलना व्हिक्टोरियन काळातील अनाथ-दरिद्री गृहांशी केली. पूर्वी ज्या जागेवर संघटनेशिवाय पान हलत नसे तेथे आता एजन्सीमार्फत भरलेले कामगार होते. हे काम करायला पुष्कळसे लोक पूर्व युरोपातून आले. २०१६ च्या सार्वमतात बार्न्स्लेने ६८ टक्के मते युरोपीय संघ सोडण्याच्या बाजूने दिली, आणि २०१९ मध्ये शायरब्रुक ज्या मतदारसंघात येते त्या बोल्सोव्हरने १९७० पासून निवडून येणाऱ्या डेनिस स्किनर या माजी खाणकामगाराला हरवून थॅचर यांच्याच पक्षाचा उमेदवार निवडला. २०२४ मध्ये तो मतदारसंघ मजूर पक्षाकडे परतला, हेही सांगायला हवे.

'अधांतर' वर्गात शिकवताना हमखास येणारा प्रश्न असा: संप केला नसता तर वाचले असते का? ब्रिटनपुरते उत्तर आता कागदोपत्री उपलब्ध आहे. बोर्डाकडे ७० हून अधिक खाणींची गुप्त यादी आहे असे स्कारगिल म्हणत, आणि सरकार ते साफ नाकारी. जानेवारी २०१४ मध्ये मंत्रिमंडळाची जुनी कागदपत्रे खुली झाली. सप्टेंबर १९८३ मधील नोंदीनुसार बोर्डाचे अध्यक्ष इयन मॅकग्रेगर यांच्या मनात तीन वर्षांत ७५ खाणी बंद करून ६४ हजार माणसे कमी करण्याचे होते. संपाने खाणी बुडवल्या हे म्हणणे त्यानंतर टिकत नाही. संपाने त्या लवकर बुडाल्या का, यावर वाद घालता येईल. कोळसा आज ना उद्या जाणारच होता हेही खरे आहे: देशातील शेवटची खोल खाण, केलिंग्ली, डिसेंबर २०१५ मध्ये बंद झाली आणि कोळशावर चालणारे शेवटचे वीजकेंद्र, तेही नॉटिंगहॅमशायरमधलेच, ३० सप्टेंबर २०२४ रोजी. परंतु वीस-तीस वर्षांत, दुसरे काम उभे करीत जाणारा कोळसा आणि दहा वर्षांत ओरबाडून नेलेला कोळसा यांत एका पिढीचे अंतर आहे, आणि हे अंतर ठरवणे सरकारच्या हाती होते.

डरॅममध्ये १९९३ नंतर एकही खोल खाण उरली नाही. तरी जुलै महिन्यात तेथील खाणकामगारांचा मेळा अजून भरतो. ज्या खाणी नाहीत त्यांची रेशमी निशाणे बँडसह शहरातून निघतात, काही गावांनी तर खाण गेल्यानंतर वर्गणी काढून नवी निशाणे रंगवून घेतली आहेत. स्कॉटलंडच्या संसदेने २०२२ मध्ये कायदा करून संपात शिक्षा झालेल्या कामगारांना माफी दिली. इंग्लंडमध्ये तसा कायदा झालेला नाही, पण जुलै २०२५ मध्ये ब्रिटिश सरकारने ऑर्ग्रीव्हच्या घटनेची चौकशी जाहीर केली. त्या दिवशी तिशीत असलेला कामगार आज सत्तरी ओलांडून गेला आहे. कोक कारखाना केव्हाच पाडला गेला. त्या परिसरात आता वेव्हर्ली नावाची नवी वसाहत आहे.